तेविसाव्या थांब्यावरचे दिवे

स्ट्रेयर यांचं शेत, थांबा क्रमांक २३
१४ नोव्हेंबर १९०५

प्रिय डेला,

तुझं पत्र आज सकाळी एमॉस टीटरने टोपीच्या पट्टीतून काढून दिलं. पाकीट घामाने थोडं ओलं झालं होतं, पण अक्षर वाचता आलं. तो म्हणतो, विजेच्या गाडीच्या मोटरमनला पत्र न्यायला कंपनीची मनाई नाही आणि परवानगीही नाही, तेव्हा पोस्टाला कशाला मध्ये घ्यायचं. हे उत्तरही त्याच्याच हाती देतेय. हार्लन स्टेशनच्या तिकीटखिडकीवर मिसेस प्रुइटकडे ठेवतो म्हणाला. माझ्याशी बोलताना तो सरळ समोर उभा राहतो, पण मिशीमुळे ओठ दिसायचे नाहीत. मागच्या आठवड्यात मी पाटीवर लिहून दाखवलं, ‘मिशी कापा.’ आज खरंच कापून आला होता. कंडक्टर त्याला हसत होता.

आता बातमी. तुझ्या लग्नानंतर आठ दिवसांनी कंपनीची माणसं आली आणि आपल्या घरात विजेचे दिवे लागले. गाडीच्याच तारेवरून जोड दिलाय. स्वयंपाकघर, दिवाणखाना, जिना, बाबांची खोली आणि ओसरी असे पाच दिवे एकाच दोऱ्यात ओवलेले आहेत. लागले तर पाचही लागतात. एक गेला की पाचही जातात, आणि मग बाबा हातात चांगला दिवा घेऊन घरभर फिरत, एकेक बदलून पाहत दोषी कोण ते शोधतात. पहाटे मी पीठ मळायला घेते तेव्हा बाबांच्या डोक्यावरही उजेड पडतो. ते कुरकुरतात, पण नव्या नवलाईची कुरकुर आहे ती.

पहिल्या दिवशी मी फार घाबरले होते. मळता मळता डोळ्यांपुढे हळूच अंधारून आलं आणि परत उजळलं. वाटलं, सहाव्या वर्षी तापात कान गेले, आता डोळेही चालले. हात तसेच पिठात ठेवून बसून राहिले. मग खिडकीतून पाहिलं तर फाटकाजवळून गाडी निघत होती. गाडी निघताना तारेतली वीज ओढून घेते आणि तेवढा वेळ आपले दिवे मंदावतात. एवढंच होतं ते.

आणि डेला, आता मला गाडी कळते. अलीकडच्या थांब्यावरून निघाली की दिव्याची पापणी किंचित हलते, आपल्या इथून निघाली की पुरती मिटते. पंधरा वर्षांत पहिल्यांदाच काहीतरी दिसायच्या आधी मला कळतंय. एमॉस असेल तर उजेड सावकाश उतरतो, पेंगणाऱ्या माणसासारखा. तो नवा हॉलिस दोन हिसके देतो. बाबांना पैजेवर पाटीवर लिहून दाखवते, कोण चालवतोय. आजवर एकदाच चुकले, आणि तेव्हा हॉलिसला ताप होता.

तू सुखात आहेस ना? नीट लिही.

तुझी,
ऑर्फा


हार्लन
३ डिसेंबर १९०५

प्रिय ऑर्फा,

मी सुखात आहे. लॉइडच्या दुकानात खिळे, कड्या, बिजागऱ्या यांचा असा वास येतो की त्याचे हात धुतले तरी जात नाही. मला तो आवडायला लागलाय, वासही आणि लॉइडही.

दिवे आले हे वाचून बरं वाटलं. बाबांना सांग, त्या उजेडात माझी राहून गेलेली शाळा शोधून पाहा. सगळ्या शेतकऱ्यांनी रुळांसाठी जमीन विकली, एकट्या आपल्या बाबांनी पट्टा फुकट दिला. अट काय, तर प्रत्येक गाडी आपल्या फाटकाशी थांबली पाहिजे आणि घरात दिवे आले पाहिजेत. त्या जमिनीच्या पैशात मी शिक्षिका झाले असते. हे वाक्य त्यांना वाचून दाखवू नकोस. किंवा दाखव.

गेल्या रविवारी आम्ही गाडीने शेवटपर्यंत, तळ्याकाठच्या बागेत गेलो होतो. थंडीमुळे बाग बंद होती, पण गाडीत बसायला मिळालं म्हणून कोणाचीच तक्रार नव्हती. येताना संध्याकाळ झाली. मक्याच्या कापलेल्या शेतांवर धुकं होतं, गाडी त्याच्यावरून तरंगतेय असं वाटत होतं. तारेला दहिवर लागलं होतं आणि टपावरचा दांडा तिला घासला की निळा उजेड सांडायचा. मला झोप लागली. झोपेत दिसलं की तुझ्या घराचं अंगण आणि माझी गल्ली यांच्यात काहीच नाही. पीठ चाळता चाळता तू चाळणी माझ्या हातात देतेस. लॉइडने हलवून उठवलं तेव्हा मी त्याच्यावर जरा चिडलेच.

तुझी,
डेला


थांबा क्रमांक २३
२१ मार्च १९१३

प्रिय डेला,

तू येऊ शकली नाहीस याचं वाईट वाटून घेऊ नकोस. दोन दिवसांचं बाळ घेऊन कोणी अंत्ययात्रेला येत नाही. तुला मुलगी झाल्याचं बाबांना कळलं होतं. मी पाटीवर ‘आयरिन’ लिहून धरलं, त्यांनी वाचलं आणि माझ्याकडे पाहून मान हलवली.

कंपनीने अंत्ययात्रेची गाडी पाठवली. राखाडी रंगाची, आत काळे पडदे. ती आपल्या फाटकाशी थांबली आणि सहा माणसांनी बाबांना वर चढवलं. एमॉसची त्या दिवशी पाळी नव्हती, मागून घेतली. मी बाबांजवळ बसले होते, त्यामुळे दिव्यांचं मला दिसलं नाही. पण शेजारच्या मिसेस बाऊशर घरी स्वयंपाकाला थांबल्या होत्या. परत आल्यावर त्यांनी माझ्या पाटीवर लिहिलं, ‘गाडी गेली ते मला कळलंच नाही. दिवे हललेच नाहीत.’ तेवीस टनांची गाडी एमॉसने इतक्या हळुवार हाताने हलवली.

एक सांगायचं आहे. तुला ते आधीच सांगायला हवं होतं, पण बाबांनी शपथ घातली होती. पट्टा फुकट का दिला ते मी त्यांना मागच्या हिवाळ्यात विचारलं. ते म्हणाले, “डेला चटपटीत आहे, कुठूनही कुठेही जाईल. तुला मी गाडी ठेवून जातोय.” मग म्हणाले, “तिला सांगू नकोस. तिचं माझ्यावर रागावणं तिला शोभतं.”

घर आणि शेत दोघींच्या नावे अर्धं अर्धं आहे. वकील म्हणाला, विकायचं तर दोघींच्या सह्या लागतील. लॉइडचं काय म्हणणं आहे ते तू अजून लिहिलं नाहीस.

तुझी,
ऑर्फा


हार्लन
२ एप्रिल १९१३

प्रिय ऑर्फा,

तुझं पत्र मिसेस प्रुइटच्या खिडकीसमोरच फोडलं. तिने मला तिच्या खुर्चीत बसवलं आणि रांगेतल्या लोकांना दुसऱ्या खिडकीवर पाठवलं, तिथे दुसरी खिडकी नसताना.

सात वर्षं मी त्यांना टोमणे मारले. एकालाही त्यांनी उत्तर दिलं नाही.

लॉइड विकू म्हणत होता. मी त्याला सांगितलंय, आणि तुला लिहून देते. अर्धं माझं असलं तरी तुला तिथे राहायचंय तोवर ते घर तुझं. मी सही करणार नाही.

बाळ झोपेत मूठ आवळतं तेव्हा थेट बाबांसारखं दिसतं.

डेला


थांबा क्रमांक २३
१९ ऑगस्ट १९२४

प्रिय डेला,

सफरचंदांची पेटी एमॉसबरोबर पाठवलीय, मिळाली का? वाटेत त्याने दोन खाल्ली असतील, तेवढा त्याचा हक्क आहे.

गाड्या आता रिकाम्या जातात. परवा सकाळच्या गाडीत मी, माझे दुधाचे दोन कॅन आणि एक झोपलेला विक्रेता, एवढेच होतो. कंडक्टर काढून टाकले. एमॉस गाडीही चालवतो आणि उतरून तिकिटंही फाडतो. म्हणतो, “मीच मला शिट्टी देतो आणि मीच ऐकतो.” गाडीचा पिवळा रंग उडून आतला जुना हिरवा दिसायला लागलाय. हॉलिस बसवर गेला. रुळांच्या शेजारी रस्ता पक्का झालाय ना, बस गाडीच्या पुढे निघून जाते. मला ती कळत नाही. खिडकीतून दिसली तर दिसली.

घरात काही फरक नाही. दिवा मंदावला की टोपी घालते, कॅन उचलते, फाटकाशी जाते. शहरातलं काम उरकून दुपारच्या गाडीने परत. मी एकटी राहते असं लोक म्हणतात, पण दिवसातून सोळा वेळा कोणीतरी मला ‘आलो’ आणि ‘निघालो’ सांगून जातं. एवढं तर बाऊशरबाईंना त्यांचा नवराही सांगत नाही.

एमॉसला मी विचारलं, बसचे मालक कोण? तो म्हणाला, हार्लनचीच काही मंडळी. नावं विचारली तर स्वतःच्या बुटांकडे पाहायला लागला. लॉइड हल्ली काय करतो? दुकान विकल्याचं तू लिहिलं होतंस, त्यापुढचं काही लिहिलं नाहीस.

तुझी,
ऑर्फा


हार्लन
६ ऑक्टोबर १९२४

प्रिय ऑर्फा,

सफरचंदं फार गोड होती. आयरिनने मुरंबा केला, अर्धा करपला.

लॉइड वाहनांच्या धंद्यात आहे. त्यातलं मला फारसं समजत नाही.

वरची मागच्या बाजूची खोली रिकामी झालीय. खिडकीतून चर्चचं झाड दिसतं. तू येऊन राहिलीस तर आम्हाला सगळ्यांना आवडेल. नुसतं सुचवतेय.

डेला


थांबा क्रमांक २३
९ फेब्रुवारी १९३०

प्रिय डेला,

इकडे सगळं छान आहे. बर्फ फार नाही. कोंबड्या अंडी देताहेत. गाडी नेहमीसारखी येते, दिवे नेहमीसारखे मंदावतात. एमॉसने तुझी चौकशी केली. माझी काळजी करू नकोस.

तुझी,
ऑर्फा


हार्लन
१४ फेब्रुवारी १९३०

प्रिय ऑर्फा,

तुझ्या पत्रावर तिकीट होतं.

चोवीस वर्षांत तुझ्या एकाही पत्रावर तिकीट नव्हतं. पोस्टमनने ते दारात दिलं तेव्हा मी त्याला म्हणाले, हे आमचं नसेल. मग अक्षर पाहिलं.

जानेवारीच्या शेवटच्या दिवशी गाड्या बंद झाल्या, हे मला तुझ्याही आधी माहीत होतं. लॉइडनेच घरी येऊन सांगितलं. त्या रात्री आमच्याकडे पाहुणे जेवायला होते. बस कंपनीत त्याची भागीदारी आहे, ऑर्फा. सहा वर्षं झाली. ‘वाहनांचा धंदा’ म्हणून मी जे लिहिलं ते हेच. तुझं खोटं एका तिकिटाएवढं, माझं सहा वर्षांएवढं. तेव्हा कोणी कोणावर रागवायचं ते तू ठरव.

फाटकाजवळच्या जागेवर कंपनीला बसगाड्यांची शेड आणि तेलाचा पंप उभारायचा आहे. लॉइडने विक्रीचा कागद तयार करून आणलाय. माझ्या सहीच्या जागी त्याने पेन्सिलीने खूण करून ठेवलीय. तो वाईट माणूस नाही, तुला ठाऊक आहे. तो म्हणतो, “गाडी होती तोवर ठीक होतं. आता ती तिथे एकटी कशी जगणार? मागच्या दाराने कोणी शिरलं तर तिला कळणार कसं? तुझ्या त्या वचनापायी तिचं काही बरंवाईट झालं, तर मग काय करशील?”

वचन मोडायचं नाहीय मला. पण वचन पाळलं आणि तुला काही झालं तर मी काय करू? तू मला उत्तर दे. खरं उत्तर दे.

डेला


थांबा क्रमांक २३
३ मार्च १९३०

प्रिय डेला,

लॉइडचं मला थोडं थोडं माहीत होतं. एमॉसचे बूट खोटं बोलत नाहीत.

खरं उत्तर मागितलंस. आधी काय झालं ते सांगते.

गाड्या बंद झाल्या तरी तारेत वीज होती, दिवे लागत होते. मी रोज पाहायचे, हलत नव्हते. भिंतीवर चित्र टांगावं तसा तो उजेड. मग तुला पत्र टाकलं त्याच्या दुसऱ्या दिवशी सकाळी दिवा मंदावला. अगदी किंचित, लांबवरचा. सावकाश. मला वाटलं, निर्णय बदलला कंपनीने. मी टोपी घातली, कॅन उचलले आणि फाटकाशी जाऊन उभी राहिले. हात वर करून. बराच वेळ. मिसेस बाऊशर रस्त्यापलीकडून पाहत होत्या, त्या आत गेल्या.

गाडी आली नाही. सामानाची गाडी होती ती, तळ्याच्या टोकाला. तिकडून तार उतरवत उतरवत माणसं वीजघराकडे यायला निघाली होती, आणि ती गाडी चालवत होता एमॉस. त्याला म्हणे विचारलं, करशील का? तो म्हणाला, दुसऱ्या कोणी केलेलं मला बघवणार नाही.

मग रोज तेच. दिवा दिवसातून वीस-पंचवीस वेळा मंदावायचा, कारण ती गाडी थोडी सरकायची, थांबायची, परत सरकायची. रोज जास्त गडद. मला कळत होतं, जवळ येतंय. सत्तावीस तारखेला ते आपल्या खांबांपाशी पोचले. मी सगळ्यांना मटण-बटाट्याचा रस्सा आणि सफरचंदाचा गोड पाई वाढला. एमॉस जेवला नाही नीट. जेवणानंतर माझ्यासमोर उभा राहून म्हणाला, “ऑर्फा, आत जा. दिव्याखाली बस.”

मी गेले. चार वाजून गेले होते, बाहेर करडं झालं होतं. दिवा दोन हिसक्यांनी मंदावला. हॉलिस. मी पाटीवर ‘हॉलिस’ लिहून खिडकीत धरली. हॉलिसची नक्कल करणाऱ्या एमॉसने गाडीतून हात हलवला. गाडी मागे घेतली, परत काढली. दिवा एकदम बुडाला आणि वर यायलाच तयार नाही. म्हातारा गुंथर. तो कायम घाईत असायचा, आणि १९१९ च्या फ्लूमध्ये गेला. मी ‘गुंथर’ लिहिलं. मग तो गाणारा वेल्शमन, ज्याचं नाव मला कधी लिहिता आलं नाही, म्हणून मी पाटीवर उघडं तोंड काढलं. असे सगळे आले, डेला. पंचवीस वर्षांतली सगळी माणसं पाच मिनिटांत माझ्या स्वयंपाकघरातून गेली. तारवाले खांबाला टेकून उभे होते, कोणी घाई केली नाही. शेवटी उजेड सावकाश उतरला, पेंगत. मी पाटीवर काही लिहिलं नाही. मग पाचही दिवे गेले.

आता रॉकेलचा दिवा आहे. तो स्थिर जळतो. तो मला काहीही सांगत नाही.

तुझ्या प्रश्नाचं उत्तर असं. मला भीती वाटते. परवा मिस्टर बाऊशर माझ्या मागे येऊन उभे होते, किती वेळ कोण जाणे. वळले तर हातभर अंतरावर माणूस. हातातलं भांडं पडलं, दोन दिवस मी पाठ भिंतीला लावून बसत होते. तेव्हा लॉइड खोटं बोलत नाही. पण तुझ्या घरीही मी राहून पाहिलंय. टेबलाशी पाच माणसं, एकाच वेळी बोलणारी, घास तोंडात. मी ताटं पाहत बसते. तिथे मला भीती वाटत नाही, पण तिथे मी नसतेच.

यातलं कुठलं जास्त वाईट ते मला सांगता येत नाही. तू गुरुवारी ये. स्वतः बघ आणि ठरव. तू सही केलीस तर मी रागावणार नाही, मीही करीन.

तुझी,
ऑर्फा


हार्लन
१७ मार्च १९३०

प्रिय ऑर्फा,

गुरुवारी संध्याकाळभर आपण समोरासमोर बसलो, तू माझे ओठ वाचलेस, मी तुझी पाटी. तरी एक गोष्ट मी सांगितली नाही. ती लिहूनच सांगता येईल.

बस पाव मैल पुढे जाऊन थांबली. मी चालत मागे आले, जिथून रूळ काढलेत त्या पट्ट्यावरून. चिखल होता. माझ्या पर्समध्ये लॉइडचा कागद होता आणि मी सही करायचं ठरवून आले होते. त्या सकाळीच ठरवलं होतं. रात्रभर तुझ्या मागे उभा राहिलेला माणूस मला दिसत होता, मिस्टर बाऊशर नव्हे, दुसराच कोणी.

दार उघडं होतं. तू पाठमोरी उभी होतीस, लाटणं घेऊन. तुझ्या खांद्याला हात लावायला मी पुढे झाले आणि थांबले.

तू गात होतीस.

शाळेतली पोरं तुझ्या बोलण्याला हसली त्या दिवसापासून तू तोंड उघडलं नाहीस. तू सात वर्षांची होतीस, मी पाच. मला वाटलं होतं तुझा आवाज गेला, कानांच्या मागोमाग. माझ्या घरी तू मागच्या नाताळात आठ दिवस होतीस, तुझ्या तोंडून एक हुंकारही कोणी ऐकला नाही. आणि गुरुवारी तू त्या रिकाम्या घरात मोठ्याने गात होतीस. सूर कुठेच नव्हता, ऑर्फा. शब्दही अर्धेच होते. मध्येच तू एखादी ओळ रागावल्यासारखी म्हणायचीस, मग स्वतःशीच हसायचीस. पीठ कमी पडलं तर पिठाला दम देत होतीस. कोंबड्यांविषयी काहीतरी लांबलचक सांगत होतीस, आणि ते कोणाला सांगत होतीस कोण जाणे, पण त्याला ते पटत नव्हतं, म्हणून परत समजावत होतीस.

मी पाव तास दारात उभी होते. थंड वारा येत होता, मी दार लावलं नाही. मग जमिनीवर पाय आपटला. फळी हलली, तू वळलीस आणि तोंड मिटलंस. तुझ्या चेहऱ्यावर आधी भीती आली, ती मी पाहिली. ती खोटी नाही. ती तशीच राहील, मला तिचं काही करता येणार नाही. मिस्टर बाऊशरांना मात्र सांगून आलेय, आत येण्याआधी उंबऱ्यावर बूट आपटायचे, सभ्य माणसासारखे.

घरी आल्यावर लॉइडने हात पुढे केला. मी त्याला कागद दिला. त्याने पेन्सिलीची खूण पाहिली, पान उलटून पाहिलं.

“सही नाही केलीस?”

“नाही. करणारही नाही.”

“का? कशी राहणार ती तिथे?”

“ती गाते,” मी म्हणाले.

तो म्हणाला, “डेला, ती बहिरी आहे.”

“हो,” मी म्हणाले.

त्याने चष्मा काढून पुसला. मग कागद ड्रॉवरमध्ये टाकला आणि शेड दुसरीकडे कुठे बसेल ते बघतो म्हणाला. जेवताना मात्र घुश्शातच होता, आणि मी समजूत घातली नाही.

यापुढे मी दर गुरुवारी येणार आहे. आत येताना पाय आपटेन, वचन देते. पण आल्या आल्या लगेच नाही.

तुझी,
डेला